आमिशांचे ‘इंग्लिश’ आणि मराठीतले ‘इंग्रज’

एका भाषांतरकार वाचकाने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. अमेरिकेतील पेनसिल्व्हेनिया राज्यात जुन्या रीतीने राहणाऱ्या आमिश या ख्रिस्ती पंथाच्या लोकांविषयीचा एक इंग्रजी लेख ते मराठीत आणत आहेत. त्या लेखात आमिश माणसे आपल्या समाजाबाहेरच्या प्रत्येकाला ‘इंग्लिश’ म्हणतात. ‘इंग्लिश शेजारी’, ‘इंग्लिश ड्रायव्हर’ असे उल्लेख वारंवार येतात, आणि समाज सोडून गेलेल्या तरुणाबद्दल ‘तो इंग्लिश झाला’ असे बोलले जाते. या ‘इंग्लिश’ला मराठीत ‘इंग्रज’ म्हणावे काय? बाहेरची एक स्त्री पुढे आमिश होते, तेथे ‘तिने धर्मांतर केले’ असे लिहावे काय? आणि समाज सोडणाऱ्याशी जे संबंध तोडले जातात, त्यांना ‘वाळीत टाकणे’ म्हणता येईल काय?

‘इंग्रज’ मुळीच नको. मराठीत हा शब्द इंग्लंडच्या माणसासाठी आहे, आणि त्यातही पेशवाई बुडवून आपल्यावर राज्य केलेल्या माणसासाठी. आमिश लोक मोटार बाळगत नाहीत आणि चालवत नाहीत, पण दुसऱ्याच्या मोटारीत बसायला त्यांच्या बहुतेक मंडळ्यांची, म्हणजे धर्मसमुदायांची, हरकत नसते. त्यामुळे लांबच्या लग्नाला किंवा दवाखान्यात जायचे असले की पैसे देऊन बाहेरचा चालक बोलावला जातो, आणि तो बहुधा गावातलाच एखादा निवृत्त अमेरिकन असतो. त्याला ‘इंग्रज ड्रायव्हर’ म्हटले, तर मराठी वाचक हा मनुष्य लंडनहून येथे कशाला आला, याच विचारात पडेल.

मुळात हा शब्द आला कोठून, हे पाहिले म्हणजे मराठी शब्द निवडणे सोपे जाते. आमिशांचे पूर्वज स्वित्झर्लंड, अल्सेस आणि जर्मनीचा पॅलटिनेट प्रांत येथून अठराव्या शतकात पेनसिल्व्हेनियात आले. पेनसिल्व्हेनिया तेव्हा ब्रिटिशांची वसाहत होती आणि विल्यम पेन या क्वेकर नावाच्या ख्रिस्ती पंथातल्या संस्थापकामुळे तेथे धर्माच्या बाबतीत युरोपपेक्षा पुष्कळ मोकळीक होती. त्याच काळात पॅलटिनेटमधून लुथरन आणि रिफॉर्म्ड या प्रोटेस्टंट पंथांचे जर्मनभाषक फार मोठ्या संख्येने आले, आणि या सर्वांची मिळून एक बोली तेथे रुजली. ती बोलणारे तिला ‘डाइच’ म्हणतात. इंग्रजीत तिचे नाव ‘पेनसिल्व्हेनिया डच’ असे पडले आहे, पण ती हॉलंडची डच भाषा नव्हे. मराठीत ‘पेनसिल्व्हेनियन जर्मन’ किंवा सरळ ‘डाइच’ असे लिहावे, म्हणजे घोटाळा होत नाही. डाइच बोलणाऱ्यांच्या दृष्टीने शेजारपाजारचे इंग्रजीभाषक ते ‘इंग्लिश’, इतकाच त्या शब्दाचा आरंभीचा अर्थ होता, आणि डाइच बोलणारे लुथरनही तो शब्द त्याच अर्थाने वापरीत. पुढे लुथरन आणि रिफॉर्म्ड घरांतून, विशेषतः विसाव्या शतकात, डाइच मागे पडली आणि त्यांची मुले इंग्रजीच बोलू लागली. घरची भाषा म्हणून डाइच टिकली ती मुख्यतः आमिशांकडे आणि त्यांच्यासारखेच जुन्या रीतीने राहणाऱ्या मेनोनाइट या जवळच्या पंथातल्या काही लोकांकडे. त्यामुळे जी सीमा भाषेची होती, ती हळूहळू राहणीची आणि पंथाची झाली, आणि शब्द मात्र जुनाच राहिला.

आज आमिश मुले शाळेत इंग्रजी शिकतात आणि मोठी माणसे बाजारात ती सफाईने बोलतात. घरी डाइच, उपासनेत जुनी ग्रांथिक जर्मन आणि बाहेर इंग्रजी, अशी तीन भाषांची वाटणी तेथे आहे. म्हणजे ‘इंग्लिश’ याचा अर्थ ‘इंग्रजी येणारा’ असाही उरलेला नाही, आणि वंशाशी तर त्याचा काही संबंधच नाही. न्यू जर्सीत राहणारा आणि घरी चोख मराठी बोलणारा कोणी कुलकर्णी पेनसिल्व्हेनियातल्या लँकेस्टरच्या बाजारात भाजी घ्यायला गेला, तर आमिश विक्रेत्याच्या लेखी तोही ‘इंग्लिश’च ठरतो. आपल्याकडे पारशी लोक पारशी नसलेल्याला ‘जुद्दीन’ म्हणतात, पण तो शब्द धर्मावरून आला आहे. गोव्यात बाहेरून आलेल्यांना ‘भायले’ म्हणतात, तो शब्द स्थळावरून आला आहे. भाषेवरून निघालेला आणि मग भाषेला सोडून गेलेला असा शब्द मराठीत मला चटकन आठवत नाही.

म्हणून माझी सूचना अशी की, आमिश माणसाच्या तोंडी ‘इंग्लिश’ हाच शब्द ठेवावा, तो पहिल्यांदा येईल तेथे एका वाक्यात उलगडून सांगावा, आणि लेखकाच्या निवेदनात मात्र ‘बाहेरचे’ किंवा ‘आमिशेतर’ म्हणावे. मराठीत ‘इंग्लिश’ हा शब्द ‘इंग्रज’इतका इंग्लंडला बांधलेला नाही, ही त्यात सोय आहे. आपली ‘इंग्लिश दारू’ नाशिक जिल्ह्यात तयार झालेली असली तरी ती इंग्लिशच असते, कारण तेथे तो शब्द ‘देशी नव्हे ती’ एवढेच सांगतो. आमिशांच्या वापराच्या तो किती जवळ आहे, ते पाहावे. ‘परके’ हा शब्द मी टाळेन. बाहेरच्यांशी आमिशांचा रोजचा व्यवहार असतो. सुतारकाम, शेतमाल, रजया यांचे गिऱ्हाईक तेच असतात, आणि गावच्या स्वयंसेवी अग्निशमन दलात पुष्कळ ठिकाणी दोघे एकत्र काम करतात. ‘परके’ म्हटल्याने जो दुरावा वाटतो, तो तेथे नसतो.

दुसरा प्रश्न अधिक नाजूक आहे. आमिश हे ख्रिस्ती आहेत आणि ख्रिस्ती धर्मातल्या एका विशिष्ट परंपरेचे आहेत. १५२५ साली झुरिचमध्ये काही जणांनी तान्ह्या मुलाला दिलेला बाप्तिस्मा नाकारला आणि जाणत्या वयात, स्वतःच्या निर्णयाने तो पुन्हा घेतला. विरोधकांनी त्यांना ‘पुनर्बाप्तिस्मावाले’ म्हटले, त्यांच्यापैकी अनेकांना त्यासाठी मृत्युदंडही झाला, आणि त्यांच्याच परंपरेत १६९३ मध्ये याकोब आमान यांच्या अनुयायांची जी शाखा वेगळी झाली, तिला त्यांच्या नावावरून आमिश म्हणतात. या इतिहासाचा आपल्या शब्दाशी थेट संबंध आहे. बाप्तिस्मा जाणत्या वयातच घ्यायचा असल्यामुळे आमिश आईबापांच्या पोटी जन्मलेले मूलसुद्धा जन्माने मंडळीचे सभासद नसते. साधारण अठरा ते बावीस या वयात ते स्वतः होऊन विचारणा करते. १६३२ च्या डॉर्ड्रेख्ट श्रद्धापत्रिकेतील, म्हणजे आमिश मानतात त्या श्रद्धेच्या लेखी निवेदनातील, अठरा कलमांची शिकवणी काही रविवार घेते. आणि मग गुडघे टेकून शपथ घेतल्यावर बिशप त्याच्या मस्तकावर पाणी घालतो. हे झाल्यावर त्याच्याबद्दल जे म्हणतात, त्याचा अर्थ ‘तो मंडळीत आला’ असा होतो. बाहेरून आलेल्या स्त्रीबद्दलही शेवटी हेच म्हणायचे असते. म्हणून ‘धर्मांतर’ हा शब्द येथे बसत नाही: जी स्त्री आधी बॅप्टिस्ट किंवा कॅथलिक होती, तिने धर्म बदललेला नाही, आणि जी कोणत्याही चर्चची नव्हती, तिच्या बाबतीतही हा शब्द प्रसंगाची चुकीची बाजू पुढे आणतो.

‘मंडळी’ हा शब्द मी मुद्दाम वापरतो आहे. मराठी बायबलात आणि मराठी ख्रिस्ती लोकांच्या बोलण्यात ‘मंडळी’ म्हणजे श्रद्धावंतांचा समुदाय. आमिशांच्या डाइचमध्ये ‘ग्मे’ असा शब्द आहे, आणि तो समुदायालाही लागतो, रविवारच्या उपासनेलाही. त्यांची चर्चची इमारत नसते. वीस ते चाळीस कुटुंबांची एकेक मंडळी असते आणि एक रविवार आड कोणाच्या तरी घरात किंवा कोठारात ती भरते. ‘चर्च’ लिहिले की मराठी वाचकाला मनोरा आणि घंटा दिसते, तर ‘मंडळी’ म्हटले की माणसे दिसतात. आपल्याकडे एखाद्याने वारकरी होण्यासाठी माळ घातली, तर त्याने धर्मांतर केले असे कोणी म्हणत नाही. तथापि ‘माळ घातली’ किंवा ‘दीक्षा घेतली’ हे शब्द आमिशांसाठी वापरण्याचा मोह आवरावा, कारण त्यांच्याबरोबर गुरू येतो, आणि आमिशांमध्ये गुरू नाही. तेथे बिशप आणि उपदेशक मंडळीतल्या पुरुषांमधूनच, गीतपुस्तकात ठेवलेल्या चिठ्ठीने निवडले जातात आणि त्यांना पगार नसतो.

मात्र बाहेरच्या व्यक्तीसाठी शपथ तीच असली, तरी तिच्यापर्यंतची वाट फार लांबची आहे, आणि भाषांतरात ती दिसली पाहिजे. आमिश लोक धर्मप्रचार करून माणसे जमवत नाहीत. कोणी येऊ इच्छित असेल तर त्याने आधी एखाद्या कुटुंबाजवळ राहावे, काम करावे, मोटार सोडावी, डाइच शिकावी, तीन तासांच्या जर्मन उपासनेला पाठ नसलेल्या बाकावर बसावे, आणि मंडळीची रीत अंगवळणी पडते का ते पाहावे, अशी अपेक्षा असते. या सगळ्याला एक-दोन वर्षे सहज लागतात आणि शेवटी निर्णय मंडळीच घेते. बाहेरच्यांना वाटते की वीज, दूरदर्शन आणि मोटार सोडली की आपण आमिश झालो. प्रत्यक्षात अनेकांना अधिक जड जाते ते स्वतःचा निर्णय स्वतः न घेणे, आणि घरातली सगळी थट्टामस्करी ज्या भाषेत चालते, ती भाषा उशिरा शिकणे. म्हणूनच बाहेरून येऊन टिकलेले फार थोडे आहेत. आज आमिशांची संख्या सुमारे चार लाखांपर्यंत पोहोचली आहे, ती मोठ्या कुटुंबांमुळे आणि बहुसंख्य मुले बाप्तिस्मा घेऊन राहतात म्हणून.

येथे ‘रीत’ हा शब्द आला, तो ‘ओर्डनुंग’साठी, म्हणजे मंडळीने ठरवलेल्या राहणीच्या नियमांसाठी. शब्दकोशाच्या आधारे ‘आचारसंहिता’ असा प्रतिशब्द सुचेल, पण महाराष्ट्रात आचारसंहिता निवडणुकीपूर्वी लागते आणि निकालानंतर उठते. ओर्डनुंग बहुतांशी अलिखित असते, मंडळीगणिक वेगळी असते, आणि वर्षातून दोनदा, प्रभुभोजन या ख्रिस्ती विधीआधी, तिला सर्वांची संमती घेतली जाते. एका मंडळीत सौरऊर्जा चालते आणि शेजारच्या मंडळीत चालत नाही, याचे कारण हेच. ‘आमच्यात तशी रीत नाही’ हे मराठी वाक्य आमिश गृहिणीच्या तोंडी शोभून दिसेल.

‘वाळीत टाकणे’ याविषयी माझे उत्तर, कोण बोलत आहे त्यावर अवलंबून आहे. दोन गोष्टी वेगळ्या करायला हव्यात. शपथ मोडलेल्या सभासदाला मंडळीतून काढतात, तो ‘बान’. आणि त्यानंतर त्याच्याशी ठरावीक व्यवहार वर्ज्य करतात, ती ‘माइडुंग’. याच वर्ज्यतेचा आग्रह आमान यांनी धरला आणि हान्स राइस्ट या दुसऱ्या स्विस पुढाऱ्याने तो मानला नाही, हे १६९३ च्या फुटीचे एक मुख्य कारण होते. ज्याने बाप्तिस्मा घेतलेलाच नाही, तो घर सोडून ‘इंग्लिश’ झाला तरी त्याच्यावर माइडुंग लागत नाही; आईबाप दुःखी होतात, पण त्याला पंक्तीला घेतात. ‘रुमश्प्रिंगा’ या शब्दाने बाहेरच्यांना जे कुतूहल वाटते, त्याचाही उलगडा येथेच होतो. डाइचमध्ये त्याचा अर्थ ‘इकडेतिकडे धावणे’, आपल्या ‘हुंदडणे’च्या जवळचा. सोळाव्या वर्षापासून बाप्तिस्म्यापर्यंत किंवा लग्नापर्यंत मुले मित्रमंडळींत मिसळतात, आणि ती अजून मंडळीची सभासद नसल्यामुळे त्यांच्यावर मंडळीची शिस्त लागू नसते. दूरचित्रवाणीने त्याला शहरात जाऊन मजा मारण्याच्या अधिकृत सुटीचे रूप दिले. बहुतेक मुलांचा रुमश्प्रिंगा रविवारी संध्याकाळी एकत्र जमून गाणी म्हणण्यात आणि जोडीदार शोधण्यात जातो.

मराठीतले ‘वाळीत टाकणे’ जातपंचायतीचे आहे. तेथे शपथ कोणी घेतलेली नसते, शिक्षा बहुधा संपूर्ण कुटुंबाला होते, आणि महाराष्ट्राने २०१६ च्या कायद्याने सामाजिक बहिष्कार हा गुन्हा ठरवला आहे. हे सारे संदर्भ त्या शब्दाबरोबर आपोआप येतात. माइडुंगमध्ये काढलेल्या सभासदाबरोबर एका टेबलावर जेवणे, त्याच्या हातून वस्तू घेणे आणि त्याच्याशी देवघेव करणे वर्ज्य असते, पण तो भुकेला किंवा आजारी असेल तर त्याला मदत करावी, असे डॉर्ड्रेख्ट श्रद्धापत्रिकाच सांगते, आणि तो परत आला, त्याने गुडघे टेकून कबुली दिली, तर मंडळी त्याला स्वीकारते. काही घरांत दोन टेबले बोटभर अंतरावर ठेवून त्यांवर एकच चादर पसरतात, म्हणजे नियम पाळला जातो आणि मुलगाही शेजारी बसतो. याला ‘पंक्तिव्यवहार बंद करणे’ हा जुना मराठी शब्दप्रयोग नेमका लागू पडतो. निवेदनात ‘मंडळीतून काढले’ आणि ‘पंक्तिव्यवहार बंद केला’ असे लिहावे. पण ज्याच्यावर हे ओढवले आणि ज्याला त्याचा राग आहे, त्या माणसाचे अवतरण असेल, तर तेथे खुशाल ‘मला वाळीत टाकले’ असे लिहावे, कारण त्याला तेच म्हणायचे आहे, आणि त्याचा कडवटपणा सौम्य करणे हे भाषांतरकाराचे काम नव्हे.

राहिले दोन किरकोळ मुद्दे. ‘आमिश जमात’ असे वृत्तपत्रांत छापले जाते ते टाळावे, कारण त्यातून आदिवासी समूहाचा भास होतो. ‘पंथ’ किंवा ‘समाज’ पुरेसा आहे. आणि शब्दाचे लेखन शहामृगाच्या श नेच करावे. इंग्रजीतही त्याचा उच्चार ‘आमिश’ असाच दीर्घ आहे, तेव्हा ‘अमिश’ करण्याचे कारण नाही. पण षट्कोनातला ष आला की त्याचे ‘आमिष’ होते, आणि ‘आमिषांच्या जाळ्यात सापडलेली अमेरिकन तरुणी’ असा मथळा एखाद्या उपसंपादकाच्या हातून सहज जाईल. संगणकाचा शुद्धलेखन-तपासनीस येथे मदत करणार नाही, कारण त्याच्या यादीत बहुधा ‘आमिष’च असते.