पीएस४चा कंट्रोलर पीसीला जोडताना

आधी केबल तपास, मित्रा. ड्युअलशॉक ४ ला (म्हणजे पीएस४च्याच कंट्रोलरला) मायक्रो यूएसबी लागते आणि घरात पडलेल्या बऱ्याच केबली नुसत्या चार्जिंगच्या निघतात. दिवा लागतो, पण विंडोजला पत्ताच नसतो. मग लोक उगाच ड्रायव्हर शोधत बसतात.

जोडला की विंडोज आणि आर दाबून 'जॉय डॉट सीपीएल' टाइप कर (इंग्रजीत joy.cpl, जागा न सोडता). यादीतून कंट्रोलर निवडून प्रॉपर्टीज उघड. चौकटीत एक अधिकचं चिन्ह दिसेल. स्टिकला हात न लावता ते सरकत असेल तर ड्रिफ्ट आहे, म्हणजे स्टिक आपोआप हालचाल नोंदवतेय. गेममध्ये डेडझोन (स्टिकची जेवढी बारीक हालचाल गेम सोडून देतो तो भाग) थोडा वाढव.

ब्लूटूथ हवं असेल तर शेअर आणि पीएस ही बटणं एकत्र धरून ठेव, कंट्रोलरवरची दिव्याची पट्टी भराभर लुकलुकायला लागेपर्यंत.

खरी गोम पुढे आहे. विंडोजवरचे बरेच गेम एक्सबॉक्सच्या कंट्रोलरचं एक्सइनपुटच (बटणं गेमला कळवायची पद्धत) ओळखतात. त्यामुळे विंडोजमध्ये सगळी बटणं चालतात आणि गेम मात्र ढिम्म! गेम स्टीम या अ‍ॅपमधून चालवत असशील तर त्याच्या सेटिंग्जमध्ये कंट्रोलर या भागात प्लेस्टेशनसाठी स्टीम इनपुट चालू कर. स्टीमबाहेरच्या गेमसाठी डीएस४विंडोज हा प्रोग्रॅम आहे. तो तुझ्या कंट्रोलरला एक्सबॉक्सचा म्हणून पुढे करतो. पण दोन्ही एकदम चालू ठेवू नकोस. एकदा बटण दाबलं की मेनू दोन ओळी उडी मारायला लागतो, आणि नवखा माणूस बिचाऱ्या बटणाला दोष देतो.

नवा घ्यायचाच असेल तर मात्र सरळ एक्सबॉक्सचा घे. यातलं निम्मं करावंच लागणार नाही.