शिक्षा तेवढीच, जेवढी निकालपत्रात लिहिली आहे

पत्र सातारा जिल्ह्यातून आलं आहे. नाव-गाव छापत नाही.

लिहिणाऱ्या बाई एका पतसंस्थेच्या पिग्मी एजंट होत्या. दुकानदारांकडून रोज गोळा केलेली रक्कम त्यांनी काही महिने भरलीच नाही, घरच्या कर्जात घातली. जून २०१९ मध्ये अटक झाली तेव्हा मुलगी तीन वर्षांची होती आणि ती आईबरोबरच कारागृहात राहिली. २०२१ मध्ये पाच वर्षं सक्तमजुरी आणि दहा हजार रुपये दंड झाला. त्याच वर्षी नवऱ्याने आणलेल्या शंभराच्या स्टॅम्पपेपरवर त्यांनी सही केली. वर ‘फारकतनामा’, म्हणजे घटस्फोटाचा कागद, असं लिहिलेलं होतं. २०२२ मध्ये मुलीला सहा वर्षं पूर्ण झाली, तिला बाहेर पाठवावं लागलं आणि ती आजीकडे, म्हणजे बाईंच्या सासूकडे गेली. त्याच साली नवऱ्याने दुसरं लग्न केलं. बाई २०२४ मध्ये सुटल्या. आता भावाकडे राहतात. सासरचे म्हणतात, “तुझा इथे कशावरच हक्क नाही.” एका संस्थेच्या वसतिगृहात स्वयंपाकाचं काम मिळतंय, पण अर्जात ‘आपणास कोणत्याही न्यायालयाने शिक्षा दिली आहे काय?’ असा रकाना आहे. भाऊ म्हणतो, ‘नाही’ लिही.

ताई, आधी एक काम करा. ज्या कोर्टाने शिक्षा दिली तिथे नक्कल विभागात अर्ज देऊन निकालाची प्रमाणित प्रत काढा. ती हातात आली की पहिली वीस-पंचवीस पानं सोडून द्या. शेवटी ‘आदेश’ असा शब्द असेल, त्याच्या खालचं वाचा. पाच वर्षं, दहा हजार, दंड न भरल्यास आणखी तीन महिने, कच्च्या कैदेतले दिवस वजा. दंडाऐवजीचे तीन महिनेही तुम्ही काढलेत. लग्न मोडलं, मुलगी आजीची झाली, घराचा हक्क गेला, असं त्या पानावर काही नाही. सासरचे जे सांगतायत ती शिक्षा कुठल्याही न्यायाधीशाने दिलेली नाही.

आता फारकतनाम्याचं. तुमचं लग्न गावात, अंतरपाट धरून, सप्तपदी होऊन लागलं. ते हिंदू विवाह कायदा, १९५५ खाली येतं आणि असं लग्न कोर्टाच्या हुकूमनाम्यानेच मोडतं. अपवाद एकच. समाजात घटस्फोटाची जुनी रूढी असेल तर कलम २९(२) ती रूढी राखून ठेवतं. पण रूढी आहे असं नुसतं म्हणून चालत नाही, ती कोर्टात मांडून सिद्ध करावी लागते. यमनाजी जाधव विरुद्ध निर्मला या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये हेच सांगितलं. तिथेही बायकोचं म्हणणं होतं की कागदावर सही दबावाखाली झाली. तुम्ही लिहिता की त्या कागदावर तुरुंगाधिकाऱ्याचा शिक्का आहे म्हणून तो सरकारी झाला. तसं नाही. शिक्क्याचा अर्थ एवढाच, की ही सही याच कैद्याची आहे. वरचा मजकूर खरा की खोटा, याच्याशी शिक्क्याचा संबंध नाही.

बायको तुरुंगात गेली हेही त्या कायद्यात घटस्फोटाचं कारण नाही. विशेष विवाह कायद्यात आहे, पण तिथेही शिक्षा सात वर्षांची किंवा जास्त लागते. दोन वर्षं सोडून गेली असं नवरा म्हणेल, तर त्याला तुमचा सोडून जाण्याचा इरादा दाखवावा लागेल. बराकीच्या दाराला कुलूप लावणारं सरकार होतं, तुम्ही नव्हतात. तुमच्या गुन्ह्यामुळे घराची अब्रू गेली, ही क्रूरता आहे, असं म्हणून तो अर्ज करू शकतो. तो वाद खरा आहे, लढावा लागेल. पण अजून त्याने असा अर्जच केलेला नाही. म्हणजे आजच्या तारखेला तुम्ही त्याची कायदेशीर पत्नी आहात आणि २०२२ चं लग्न रद्दबातल आहे. त्या बाईला झालेलं मूल मात्र कायद्याने औरसच आहे. त्याच्यावर राग धरू नका.

द्विभार्या प्रतिबंधाची केस करू का, असं तुम्ही दोनदा विचारलंय. करता येते. लग्न २०२२ चं, त्यामुळे जुनं भारतीय दंड विधान कलम ४९४ लागेल. फिर्याद तुम्ही स्वतः मॅजिस्ट्रेटकडे द्यायची. शिक्षा सात वर्षांपर्यंत असल्याने मुदत टळेल ही भीती नाही. पण १९६५ चा भाऊराव लोखंडे खटला आपल्याच राज्यातला, तो आम्हा वकिलांना अजून पाठ आहे. दुसरं लग्न गांधर्व पद्धतीने झालं होतं, होम-सप्तपदी झाल्याचं सिद्ध झालं नाही, आणि आरोपी सुटला. तुमच्याकडे व्हॉट्सअ‍ॅपवर आलेला हार घातलेला एक फोटो आहे. तेवढ्यावर मी ही केस दाखल करणार नाही. शिवाय नवरा आत गेला तर पोटगी कोण देणार, आणि मुलीच्या दप्तरात दुसऱ्यांदा तीच बातमी जाणार. घाई नाही, तर थांबा.

पोटगीसाठी थांबू नका. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १४४, म्हणजे पूर्वीचं १२५. नवऱ्याने दुसरं लग्न केलंय, हे वेगळं राहण्याचं पुरेसं कारण आहे असं कायदा स्वतः म्हणतो. पोटगी अर्जाच्या तारखेपासून मिळते, हे सर्वोच्च न्यायालयाने रजनेश विरुद्ध नेहा या २०२० च्या निकालात पक्कं केलंय, म्हणून उशीर झालेला प्रत्येक महिना तुमच्याच खिशातून जातो. त्याच जोडीला कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली अर्ज करा. भावाच्या गावच्या मॅजिस्ट्रेटकडेही तो चालतो. घर सासूच्या नावावर आहे आणि तुम्ही पाच वर्षं तिथे नव्हतात, ही दोन्ही कारणं आता फारशी टिकत नाहीत. २०२० च्या आहुजा निकालाने पहिलं आणि २०२२ च्या प्रभा त्यागी निकालाने दुसरं बऱ्यापैकी मोडीत काढलंय. त्या घरात दुसरी बाई नांदते आहे आणि तिथे जाऊन राहावं असं तुम्हालाही वाटत नाही, हे पत्रातून दिसतं. मग पर्यायी जागा किंवा भाडं मागा. सासूकडे ठेवायला दिलेल्या पाटल्या आणि एकदाणी हे तुमचं स्त्रीधन आहे, ते परत मिळावं असंही त्याच अर्जात लिहा.

आता मुलगी. पत्रातला खरा प्रश्न हाच आहे, बाकीचं तुम्ही तिच्याभोवती लिहिलंय.

तुम्ही लिहिता की शाळा सुटायच्या वेळी रस्त्याच्या पलीकडे, रसवंतीच्या आडोशाला उभ्या राहता. ती आजीचा हात धरून जाते आणि आजीला ‘आई’ म्हणते. एक दिवस तिला तसंच घेऊन यावं असं वाटतं. तसं अजिबात करू नका. हिंदू मुलाचा नैसर्गिक पालक कायद्याने आधी बाप, मग आई. १९९९ च्या गीता हरिहरन निकालाने त्या ‘मग’ची धार कमी केली, पण ती मोडलेली नाही. शाळेच्या दारातून मूल उचललंत तर उद्या कोर्टात तुमच्या शिक्षेपेक्षा त्या दुपारची चर्चा जास्त होईल.

अर्ज करायचा तो पालक आणि पाल्य कायदा, १८९० खाली, मुलगी जिथे राहते तिथल्या जिल्हा न्यायालयात. ताबा लगेच मागू नका. कलम १२ खाली अंतरिम भेटी मागा. पंधरा दिवसांतून एक रविवार, दोन तास, तिच्या ओळखीच्या जागी. नऊ वर्षांच्या मुलीला न्यायाधीश चेंबरमध्ये बोलावून विचारतील, आणि आज ती आजीचं नाव घेईल. तिला तुमची सवय व्हायला सहा महिने-वर्ष द्या, मग ताब्याचं बोला. हा सल्ला तुम्हाला आवडणार नाही, माझ्या जवळजवळ कुठल्याच अशिलाला आवडत नाही.

या कायद्याचं कलम १७ पालकाचं चारित्र्य आणि कुवत बघायला सांगतं. समोरचा वकील पहिल्याच तारखेला तुमचा निकाल फडकावणार. म्हणून तो त्याच्या आधी तुम्ही दाखल करायचा. अर्जाच्या दुसऱ्या परिच्छेदात गुन्हा काय, शिक्षा किती, सुटका कधी, हे सरळ लिहायचं. अपील करावं का, असं विचारलंत. तीस दिवसांची मुदत केव्हाच गेली. शिक्षा भोगली म्हणून अपिलाचा हक्क संपत नाही आणि उशीर माफही होऊ शकतो. पण पैसे घेतले हे तुम्ही मलाच दोन पानं लिहून कळवलंय. अपिलाच्या खर्चात मुलीच्या केसच्या दोन वर्षांच्या तारखा निघतील.

निकालाच्या सोबत दुसरा गठ्ठा लावायचा, आणि तो तुमच्याकडे आहे हे तुमच्या लक्षातच आलेलं नाही. पत्रात ओघात लिहून गेलात की आत मिळणाऱ्या मजुरीतून सासूच्या नावे दर दोन-तीन महिन्यांनी मनिऑर्डर करत होता, ‘पोरीच्या वह्यांना’. त्या पावत्या प्लॅस्टिकच्या पिशवीत आहेत म्हणता. ताई, ती पिशवी जपा, लॅमिनेशन करू नका. एकेक पावती कागदावर चिकटवून तारीखवार लावा. कारागृहातल्या बालवाडीचा हजेरीपट, मुलीच्या लसीकरणाच्या नोंदी आणि तिला सुपूर्द केल्याची नोंद यांच्या नकला कारागृह अधीक्षकांकडे माहितीच्या अधिकारात मागा. मुलं सहा वर्षांपर्यंत आईजवळ राहू शकतात आणि त्यांची नीट काळजी घेतली पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने आर. डी. उपाध्याय खटल्यात २००६ मध्ये घालून दिलं, त्यामुळे या नोंदी असायला हव्यात. तीन वर्षं मूल कोणी वाढवलं आणि नंतर दीड-दोनशे रुपये का होईना कोणी पाठवले, हे त्यातून दिसेल.

वकिलाची फी भावाकडून मागू नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ खाली कुठल्याही स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. तालुक्याच्या कोर्टातच विधी सेवा समितीचं कार्यालय असतं, नाहीतर १५१०० वर फोन करा. वहिनीशी पटेनासं झालं तर ‘शक्ती सदन’ आहे, पूर्वीचं स्वाधार गृह. कारागृहातून सुटलेल्या, घरचा आधार नसलेल्या स्त्रियांसाठी ही योजना आहे. जिल्हा महिला व बाल विकास कार्यालयात सुटकेचा दाखला घेऊन जा.

पतसंस्थेचा माणूस दारात येतो, त्याबद्दल दोनच गोष्टी. दंडाचा हिशोब संपला, पण पतसंस्थेचं दिवाणी येणं त्यामुळे आपोआप संपत नाही. म्हणून तो पुढे करेल त्या ‘रक्कम फेडीन’च्या कागदावर वकिलाला दाखवल्याशिवाय सही करू नका. शंभराच्या स्टॅम्पचा एक अनुभव पुरे झाला.

राहिला अर्जातला रकाना. ‘होय’ लिहा, खाली एका ओळीत कलम आणि सुटकेची तारीख लिहा. आपल्याकडे प्रौढ माणसाची जुनी शिक्षा ठराविक वर्षांनी पुसली जावी असा सर्वसाधारण कायदा नाही. असायला हवा असं माझं मत आहे, पण मतावर अर्ज भरता येत नाही. अवतार सिंग विरुद्ध भारत सरकार या २०१६ च्या निकालात सरकारी नोकऱ्यांपुरतं सांगितलंय की विचारलेलं लपवलं तर त्याच कारणाने काढता येतं. खासगी संस्थेतही कोणी वेगळं वागणार नाही. आणि खोटं ‘नाही’ सापडलं तर ते मुलीच्या केसमध्येही येईल. मात्र जे विचारलेलंच नाही ते आपण होऊन सांगायची सक्ती त्या निकालात नाही, म्हणून दुसऱ्या कुठल्या अर्जात असा रकाना नसेल तर स्वतः आखून भरू नका. वसतिगृहाच्या व्यवस्थापकांना अर्ज देताना एकच म्हणा, की मला भांडार आणि पैशांचा व्यवहार नको, चुलीपाशी ठेवा. कारागृहाच्या स्वयंपाकघरात काम केलं असेल तर त्याचा दाखलाही मागून घ्या.

नक्कल मिळाली की ‘आदेश’ लिहिलेल्या पानाची झेरॉक्स मला पाठवा. पावत्या पाठवू नका, मूळ कागद पोस्टाने फिरवायचे नसतात.