नोकरी धरायची की पॅरिस गाठायचं?

प्रश्न : मुलगी पुण्यात बी.ए. फ्रेंचच्या शेवटच्या वर्षाला आहे. एका शाळेत फ्रेंच शिकवायची नोकरी चालून आलीय, पण ती नको म्हणते. ‘कॉल माय एजंट’ ही फ्रेंच मालिका पाहिल्यापासून तिला कामिय कोतँसारखी अभिनेत्री व्हायचंय, तेही पॅरिसला जाऊन. नोकरीत वय निघून जाईल म्हणते. काय करू? – एक आई, नाशिक

उत्तर : ताई, वयाचंच म्हणत असेल, तर तिला कोतँबाईंचं जन्मसाल विचारा. १९७८. छुप्या कॅमेऱ्यासमोर अनोळखी लोकांशी उद्धटपणे वागणारी बाई त्यांनी रंगवली आणि फ्रान्सभर नाव झालं ते २०१३ नंतर, म्हणजे चौतिशी गाठल्यावर. ‘कॉल माय एजंट’मधली त्यांची आंद्रेआ, म्हणजे नटांना कामं मिळवून देणारी एजंट, २०१५ची. (मालिकेचं मूळ फ्रेंच नाव ‘दहा टक्के’ असं आहे, एजंटचं कमिशन तेवढं असतं म्हणून.) मॅट डेमनबरोबरचा ‘स्टिलवॉटर’ आणि ‘हाउस ऑफ गुची’ आले २०२१मध्ये. आणि या सगळ्याआधी बाई काय करत होत्या? नाटक शिकता शिकता शाळेत इंग्रजी शिकवत होत्या! लेकीला नको असलेली नोकरी जवळपास हीच.

तिथल्या नटांना एक आधार असतो, तो मात्र आपल्याकडे नाही. बारा महिन्यांत ५०७ तासांचं काम दाखवता आलं, की काम नसलेल्या दिवसांचा भत्ता मिळतो. ते तास भरतील की नाही, याच घोरात नवखे नट असतात. आपल्याकडे रिकाम्या महिन्यांचं खोलीभाडं घरूनच जातं. म्हणून मी नोकरीच्या बाजूने आहे. पूर्णवेळ नको असेल तर अर्धवेळ मागून पाहावी. अकरावी-बारावीच्या फ्रेंचच्या शिकवण्याही मिळतात.

पॅरिसचं स्वप्न मी खोडत नाही. तिथल्या कॉन्सर्व्हेत्वारमध्ये, म्हणजे सरकारी नाट्यविद्यालयात, दरवर्षी तीसेक जणांना घेतात, अर्ज हजाराच्या वर. परीक्षकांपुढे नाटकातले प्रवेश सादर करायचे, तेही मातृभाषा फ्रेंच असलेल्या मुलांच्या बरोबरीने. बी.ए.चं व्याकरण तिथे पुरत नाही. कूर फ्लोराँसारख्या खासगी संस्था आहेत, पण फी आणि पॅरिसमधला राहण्याचा खर्च हे दोन्ही आकडे आधी कागदावर मांडा. कर्ज काढून जाणार असेल तर मी तरी आत्ता ‘नको’च म्हणेन.

मला खरं खटकलं ते वेगळंच. तुमच्या पत्रात मालिका आहे, पॅरिस आहे, पण मुलीने केलेल्या एकाही नाटकाचं नाव नाही. पुण्यात तीन वर्षं राहून तिने पुरुषोत्तम करंडकाला निदान बॅकस्टेज केलं का? नसेल, तर यंदा नोकरी धरून संध्याकाळी एखाद्या प्रायोगिक ग्रुपच्या तालमींना जाऊ दे. शिक्षणच घ्यायचं असेल तर विद्यापीठाचं ललित कला केंद्र तिथेच आहे. वर्षभर तालमी करूनही ओढ टिकली, तर पॅरिसचं बोलू.

पुढचं पत्र मात्र तिलाच लिहू दे. रंगमंचावर आजवर काय काय केलं, तेवढं कळवलं तरी पुरे.