जुन्या तमिळ नायिकेसारखं सजायचं तर भरतनाट्यमचा सेट घ्यावा का?

मैत्रिणीच्या संगीताला साठच्या दशकातल्या तमिळ नायिकेसारखं सजायचंय आणि भरतनाट्यमचा पूर्ण सेट भाड्याने आणायचा विचार आहे, असं तुम्ही लिहिलंय. कांजीवरम नेसणार असाल तर तो सेट आणू नका, असं माझं ठाम मत आहे.

नेत्तिचुट्टी (भांगातून कपाळावर येणारी बिंदी), भांगाच्या दोन्ही बाजूंचे सूर्य-चंद्र, डोक्यामागची राकोडी, वेणीभर जडनागम, कमरेला ओड्डियाणम हा लाल केंप खड्यांचा साज रंगमंचासाठी आहे. ‘तिल्लाना मोहनाम्बाल’मध्ये (१९६८) पद्मिनी नर्तकीच आहे, म्हणून तिला तो शोभतो. ‘पासमलर’मधली (१९६१) सावित्री बघा. ती घरातली बहीण आहे, आणि साध्या साडीतही नजर तिच्यावरून हलत नाही. तुम्हाला हवं ते सौंदर्य हेच आहे, असं मला मनापासून वाटतं.

खर्च करायचाच तर साडीवर करा. त्या काळचे बरेच चित्रपट कृष्णधवल, त्यामुळे पडद्यावर उठून दिसायचा तो अंग आणि काठ यांतला फरक. म्हणून विरुद्ध रंगाच्या काठाची, कोरवै विणीची साडी शोधा. यात काठ आणि अंग वेगवेगळ्या धोट्यांनी विणून एकमेकांत गुंतवतात. हातमागावर या कामाला बहुधा दोघं लागतात. साडी उलटी करून जोड बघा: धागे एकमेकांत अडकलेले दिसतील आणि बोटाला किंचित उंचवटा लागेल. तिथे देवळाच्या शिखरांसारखे दाते असतील तर उत्तमच. आपल्या करवतकाठीची आठवण येईल. ब्लाऊज घट्ट बसणारा, बाह्या कोपराच्या जरा वर.

दागिन्यांत झुमके (तिकडे जिमिक्की म्हणतात), एक ठसठशीत हार आणि बांगड्या पुरेत. चमकी उजव्या नाकपुडीत घाला, आपल्यासारखी डावीकडे नको. टोचलेलं नसेल तर दाबाची मिळते.

डोळ्यांसाठी त्या काळच्या नायिका बी. सरोजादेवींचे फोटो समोर ठेवा. काजळाची रेघ डोळ्याच्या कोपऱ्याबाहेर काढलेली, केस वर फुगवलेले.

आणि फुलं खरीच घ्या. तिकडे मल्लीबरोबर (मोगऱ्याबरोबर) कनकांबरम माळतात, म्हणजे आपली अबोली. कोकण-गोव्याकडचं कुणी ओळखीचं असेल तर वळेसर, म्हणजे अबोलीचा गजरा, सहज मिळेल. अबोलीला वास नसतो, म्हणून मोगऱ्याचा एक पदर सोबत गुंफून घ्या. कार्यक्रम रात्रीचा असेल तर गजरा ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवा आणि निघतानाच माळा.