मागावर रेषा नाचवायच्या तर आधी फटके मोजा

तुमचं म्हणणं असं, की काकांच्या कारखान्यातल्या चादरीच्या मागाचं ४० सेकंदांचं मोबाईल शूटिंग आहे, त्यावर हाताने काढलेल्या रेषा आणि ठिपके हलवायचेत, पण सगळं वरून चिकटवल्यासारखं दिसतंय. कोणतं सॉफ्टवेअर घ्यावं?

सॉफ्टवेअर राहू द्या. तुमच्या रेषा मागाकडे बघतच नाहीत, दुखणं तिथं आहे.

समजा माग मिनिटाला १२० फटके मारतो (धोटा एकदा या टोकाकडून त्या टोकाला गेला की एक फटका), म्हणजे सेकंदाला २. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर एका फटक्याला १२ फ्रेम आल्या. प्रत्येक चित्र दोन फ्रेम टिकवायचं, म्हणजे फटक्याला ६ चित्रं. पाच चित्रांत रेष ताणत न्या आणि सहाव्याला, धोटा (आडवा धागा वाहून नेणारा) कडेच्या पेटीत आपटतो तिथं, तोडा. मोबाईलचं शूटिंग बऱ्याचदा कमीजास्त फ्रेमचं असतं. ते आधी एकसारखं २४ वर आणा, नाहीतर दहाव्या सेकंदाला सगळी रेघारेघी मागे पडते. पूर्ण ४० सेकंदांच्या नादी लागू नका, ती ४८० चित्रं होतात. आठच सेकंद घ्या. एक सोडून एक फ्रेम घेतली तर ९६ फ्रेम, एका कागदावर चार छापल्या तर २४ कागद. खिडकीच्या काचेवर ट्रेसिंग पेपर लावून काढा, झकास होतं.

दुसरं, शूटिंगनेही थोडं वाकायला हवं. प्रयोगशील चित्रपटकार लेन लाय यांनी १९३७ च्या 'ट्रेड टॅटू' या लघुपटात कामगारांच्या माहितीपटांतलं उरलंसुरलं फुटेज घेऊन त्याचे रंगच पालटले, वर नक्षी उठवली. आपल्याकडे फिल्म्स डिव्हिजनचे प्रमोद पती यांनी 'अबिद' या लघुपटात (१९७२) जिवंत माणूसच चित्रासारखा फ्रेम-फ्रेम हलवला. तुम्हीही काकांना विचारून बंद माग हाताने थोडाथोडा फिरवत एकेक फोटो घ्या. (चालू मागाजवळ ट्रायपॉड नको, कंपनाने सगळं थरथरतं.)

कारखान्यात जॅकार्डचे टाकाऊ पत्ते (विणीतली नक्षी ठरवणारे भोकं पाडलेले पुठ्ठे) पडलेले असतीलच. मी एकदा त्यांच्या भोकांतून बल्बचा उजेड भिंतीवर पाडून पत्त्यामागून पत्ता टिपला होता. फुकटातली ठिपक्यांची नक्षी! पण संध्याकाळी व्होल्टेज पडलं आणि अर्धे ठिपके पिवळे, अर्धे तांबूस आले. तेव्हा बॅटरीवरचा दिवा वापरा आणि मोबाईलचं एक्स्पोजर लॉक करून ठेवा.

फटके मोजले की आकडा कळवा, पुढचा हिशेब मिळून करू.