दादासाहेब मावळंकर: वकिलीच्या सवयी सभागृहात नेणारा माणूस

तुमचा प्रश्न असा आहे की वकिलीतून देशाच्या कायदेमंडळात गेलेला आणि तिथे वकिलीचा खरोखर उपयोग झालेला माणूस कोण, आणि त्याच्याबद्दल जरा सविस्तर सांगाल का.

त्या पिढीतले कितीतरी पुढारी वकील होते, त्यामुळे नावांना तोटा नाही. पण बहुतेकांनी काळा कोट उतरवला तो उतरवलाच. वकिलीची शिस्त जशीच्या तशी सभागृहात नेली ती गणेश वासुदेव मावळंकर, म्हणजे दादासाहेब मावळंकर यांनी. मी स्वतः दिवाणी कोर्टात वकिली करतो, म्हणून हा माणूस मला फार जवळचा वाटतो. आपल्याकडे 'पहिले लोकसभा अध्यक्ष' एवढ्या ओळीपलीकडे त्यांच्याबद्दल कुणी बोलत नाही याचं मनापासून वाईटही वाटतं.

घराणं मूळचं रत्नागिरी जिल्ह्यातल्या संगमेश्वरकडचं. जन्म बडोद्याचा, 27 नोव्हेंबर 1888. सुरुवातीचं काही शिक्षण राजापुरात झालं आणि 1902 साली ते पुढे शिकायला अहमदाबादला गेले. तेच शहर मग कायमचं त्यांचं झालं. 1908 मध्ये बीए, 1912 मध्ये मुंबईच्या सरकारी लॉ स्कूलमधून कायद्याची परीक्षा पहिल्या वर्गात आणि 1913 पासून अहमदाबादला वकिली. वल्लभभाई पटेलही त्याच वर्षी विलायतेहून बॅरिस्टर होऊन अहमदाबादेत आले. दोघांचं बसणं-उठणं गुजरात क्लबात.

तिथली एक गोष्ट प्रसिद्ध आहे. गांधीजी क्लबात बोलायला आले होते. वल्लभभाई पत्ते खेळत बसलेले आणि मावळंकर शेजारी डाव बघत होते. मावळंकर ऐकायला जायला उठले तेव्हा वल्लभभाईंनी त्यांना चिडवलं की जाऊन काय करणार, तो तुला गव्हातले खडे निवडता येतात का ते विचारेल आणि म्हणेल की त्यानेच स्वराज्य मिळणार! मावळंकर उठले ते उठलेच. पुढे वल्लभभाईही त्याच वाटेने गेले, हे सगळ्यांना माहीत आहे.

खेडा सत्याग्रह (गुजरातमधल्या खेडा जिल्ह्यातलं शेतसाऱ्याविरुद्धचं आंदोलन), दुष्काळ आणि पुराच्या वेळची मदतकार्यं, अहमदाबाद नगरपालिका, तिचं अध्यक्षपद, हे सगळं त्यानंतर ओघाने आलं. तुरुंगवास एकूण जवळजवळ 6 वर्षांचा. आत भेटलेल्या कैद्यांच्या खऱ्या गोष्टी त्यांनी नंतर गुजरातीत लिहून काढल्या. आरोपीच्या तोंडून त्याची बाजू शेवटपर्यंत ऐकून घ्यायची ही वकिलाची सवय मला त्यात दिसते.

1937 मध्ये मुंबई प्रांताच्या विधानसभेत निवडून आले आणि लगेच तिचे अध्यक्ष झाले. समोर विरोधी बाकांवर खुद्द डॉ. आंबेडकर होते. अशा सभागृहात अध्यक्षाला नियमांवर पक्की पकड ठेवावीच लागते. दिल्लीत जाण्यापूर्वीचं त्यांचं खरं शिक्षण इथेच झालं असं माझं मत आहे.

दिल्लीचं दार मात्र फार थोडक्यात उघडलं. जानेवारी 1946 मध्ये केंद्रीय विधानसभेच्या, म्हणजे ब्रिटिश काळातल्या दिल्लीच्या कायदेमंडळाच्या, अध्यक्षपदाची निवडणूक झाली. काँग्रेसकडून मावळंकर, समोर सर कावसजी जहांगीर. सरकारनियुक्त सदस्य आणि मुस्लिम लीग कावसजींच्या बाजूने. मतं पडली 66 विरुद्ध 63. तिघांच्या फरकाने आलेला हा माणूस पुढची 10 वर्षं, मरेपर्यंत, त्या खुर्चीवर राहिला.

15 ऑगस्ट 1947 ला जुनी विधानसभा संपली आणि संविधान सभेकडे दोन कामं आली: संविधान लिहायचं आणि रोजचे कायदेही करायचे. ही दोन कामं एकमेकांत न गुंतवता कशी चालवायची हे ठरवायला जी समिती नेमली, तिचे प्रमुख मावळंकर होते. दोन्ही कामं वेगळी ठेवावीत असं ठरलं. संविधान लिहिताना डॉ. राजेंद्र प्रसाद अध्यक्षस्थानी, आणि कायदेमंडळ म्हणून सभा बसली की मावळंकर. 17 नोव्हेंबर 1947 ला त्यांची त्या जागी निवड झाली.

पहिली लोकसभा आली तेव्हा, 15 मे 1952 ला, पुन्हा मतदान झालं. समोर उमेदवार शेतकरी कामगार पक्षाचे शंकरराव मोरे, सोलापूरचे खासदार. म्हणजे देशाच्या पहिल्या लोकसभा अध्यक्षाच्या निवडणुकीत दोन्ही नावं मराठी! मावळंकर 394 विरुद्ध 55 मतांनी निवडून आले.

आता वकिलीचा उपयोग कुठे झाला ते सांगतो, कारण तुमच्या प्रश्नाचा गाभा तोच आहे.

मी ज्युनियर असताना एका दाव्यात समोरच्या वकिलांनी भर कोर्टात सांगितलं की पुढच्या तारखेपर्यंत वादातली भिंत पाडणार नाही. मी खूश होऊन फाईल बांधली आणि बाहेर आलो. माझ्या सिनियरांनी व्हरांड्यातच विचारलं, "रोजनाम्यात आलं का?" रोजनामा म्हणजे कोर्टाच्या रोजच्या कामकाजाची लेखी नोंद. आलं नव्हतं. त्यांनी मला तसंच मागे फिरवलं, आणि हमी रोजनाम्यावर उतरल्याशिवाय तिथून हलू दिलं नाही.

सभागृहात मंत्री दिवसातून कितीदा तरी म्हणतात, "माहिती घेऊन कळवतो", "याचा विचार करू". पूर्वी ते वाक्य तिथेच विरून जायचं. मावळंकरांच्या काळात, 1953 च्या डिसेंबरमध्ये, सरकारी आश्वासन समिती आली. मंत्र्याने सभागृहात दिलेला शब्द टिपून ठेवायचा, तो पाळला की नाही ते पाहायचं आणि सभागृहाला अहवाल द्यायचा, हे तिचं काम. ही सरळसरळ रोजनाम्याची पद्धत आहे. मला ती सर्वांत वकिली डोक्याची कल्पना वाटते. सरकारच्या खर्चाचे अंदाज तपासणारी अंदाज समितीही त्यांच्याच कारकिर्दीतली, 1950 ची. मंत्र्यांनी खात्यांच्या नियमावल्या संसदेने दिलेल्या अधिकाराच्या चौकटीत केल्या का हे तपासणारी समितीही तेव्हाचीच.

दुसरी गोष्ट वटहुकुमांची. संसद बसलेली नसताना तातडीची गरज पडली तर सरकारला वटहुकूम, म्हणजे तात्पुरता कायदा, काढता येतो (संविधानाचं अनुच्छेद 123). पण सोय म्हणूनही ते निघू लागले. मावळंकरांनी 1950 मध्ये सरकारकडे याची तक्रार केली आणि जुलै 1954 मध्ये थेट पंतप्रधान नेहरूंना पत्र लिहिलं. अत्यंत तातडी असल्याशिवाय वटहुकूम काढणं लोकशाहीला धरून नाही, आणि आज आपण जे पायंडे पाडू तेच पुढचे लोक चालवतील, असा त्या पत्राचा आशय. सरकार स्वतःच्या पक्षाचं, पंतप्रधान स्वातंत्र्यलढ्यातले सहकारी, तरी हे लिहिलं. एकदा सोडून दोनदा लिहिलं. आपल्या अशिलालाच 'हे तुम्ही चुकीचं करताय' असं तोंडावर सांगणारे वकील किती असतात, हे आम्हा वकिलांना चांगलं ठाऊक आहे.

सगळंच पटतं असं नाही. 1950 मध्ये त्यांनी तहकुबी सूचनेची, म्हणजे ठरलेलं कामकाज थांबवून तातडीच्या विषयावर चर्चा मागण्याच्या सूचनेची, व्याप्ती बरीच आवळली. परक्या सरकारपुढे ते निषेधाचं हत्यार होतं, आता सरकार सभागृहालाच जबाबदार आहे आणि चर्चेचे इतर मार्ग आहेत, असा त्यांचा युक्तिवाद होता. तर्क बिनतोड आहे, पण विरोधकांच्या हातातलं एक धारदार साधन त्याने बोथट झालं असं मला वाटतं. शिवाय अध्यक्ष झाल्यावरही ते काँग्रेसचे सदस्य राहिले. इंग्लंडमधला अध्यक्ष आपला पक्ष सोडतो, तसं पक्षाबाहेर पडणं त्यांना त्या वेळी शक्य वाटलं नाही. पक्षात राहायचं पण खुर्चीवर पक्ष आणायचा नाही, ही त्यांची भूमिका.

18 डिसेंबर 1954 ला विरोधकांनी त्यांना पदावरून दूर करण्याचा प्रस्ताव आणला. आरोप निःपक्षपातीपणा सोडल्याचा. खुर्चीवर उपाध्यक्ष अनंतशयनम अय्यंगार बसले. नेहरूंनी मावळंकरांची बाजू जोरात मांडली, पण स्वपक्षाच्या सदस्यांना हेही सांगितलं की हा पक्षाचा विषय नाही, तुम्हाला वाटेल तसं मत द्या. प्रस्ताव फेटाळला गेला. आपल्यावरचा आरोप त्याच सभागृहात उघडपणे मांडला जाणं ही प्रामाणिक माणसाला किती जड जाणारी गोष्ट असेल, याचा विचार ते कामकाज वाचताना माझ्या मनात सतत येत होता.

27 फेब्रुवारी 1956 ला अहमदाबादेत, पदावर असतानाच, ते गेले. पोटनिवडणुकीत त्यांच्या पत्नी सुशीलाबाई बिनविरोध निवडून आल्या. मुलगा पुरुषोत्तम 1972 मध्ये अपक्ष म्हणून लोकसभेत गेला आणि आणीबाणीत सभागृहात उभा राहून तिच्याविरुद्ध बोलला.

वाचायचंच असेल तर चरित्रापासून सुरुवात करू नका. लोकसभेची जुनी कामकाजं ऑनलाइन फुकट मिळतात. 15 मे 1952 आणि 18 डिसेंबर 1954, हे दोन दिवस काढा. इंग्रजी सोपं आहे, एका संध्याकाळी दोन्ही वाचून होतील.