रस्ते अपघातात घरचा कमावता माणूस गेला, तर भरपाईचा आकडा कसा काढतात?

भारतात मोटार अपघात दावा न्यायाधिकरण (अशा भरपाईचे दावे ऐकणारं न्यायालय) सर्वोच्च न्यायालयाच्या सरला वर्मा (2009) आणि प्रणय सेठी (2017) या निकालांप्रमाणे हिशेब करतं. समजा, मृताचं वय 32, स्वतःचा धंदा, कमाई महिना 20,000 रुपये. पुढे कमाई वाढली असती म्हणून 40 टक्के मिळवायचे: 28,000. मागे बायको, दोन मुलं, आई असे चौघं अवलंबून, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चापोटी कमाईचा पाव हिस्सा वजा: 21,000. वर्षाचे 2,52,000. या वयाचा गुणक (वयानुसार ठरलेला, वर्षाच्या रकमेला ज्याने गुणायचं तो आकडा) 16, म्हणजे 40,32,000 रुपये. अंत्यविधी वगैरेंची रक्कम वेगळी.

खरी ओढाताण उत्पन्न सिद्ध करण्यावर होते. पासबुक, बिलं, जे सापडेल ते आत्ताच जपून ठेवा. आणि हा हिशेब स्वतः मांडल्याशिवाय विमा कंपनीच्या तडजोडीवर कृपा करून सही करू नका.